कुंपणाबाहेरची मिस्सा

मांजरसुद्धा फिरकलं नव्हतं.

विनिफ्रेड गेराटीनं खिडकीचा पडदा बाजूला केला, रस्त्याकडे बघितलं, आणि पडदा असा ओढला की वरची दांडी निखळायचीच बाकी राहिली. आठवडाभर तिनं या घराचा जीव काढला होता. भिंतींना चुना, दाराला रंग, उकिरडा हलवून गोठ्यामागे, अंगणातल्या दगडांवरचं शेवाळ खरवडून काढलेलं. सून डेलिया पोटुशी, सातवा सरत आलेला, तरी तिच्या हातांची सालं निघाली होती. धाकटा फेलिम तर जेवायलासुद्धा घरात यायला घाबरत होता. खिडकीखाली स्वयंपाकाचं टेबल, पायांखाली विटा सारून वेदीइतकं उंच केलेलं. वर पांढरा कपडा, क्रूस, दोन मेणबत्त्या. सगळं होतं. माणसं नव्हती.

"येतील हो आई," डेलिया म्हणाली. "अजून वेळ आहे."

"कधी येतील? मी मेल्यावर? तेव्हा तरी येतात का बघ."

गोर्तनाकी वाडीत मिस्सेची पाळी घरामागून घर फिरायची. ज्या घरी पाळी, तिथं अख्खी वाडी सकाळी उपाशीपोटी जमायची, चुलीपाशी बसलेल्या फादरांच्या कानात पापं सांगायची, स्वयंपाकघरातच गुडघे टेकून मिस्सा ऐकायची आणि मग त्याच घरात न्याहारीला बसायची. आदल्या दिवशी शेजारपाजारचे खुर्च्या पाठवायचे, कप पाठवायचे, कारण तेवढं सामान कुणाच्याच घरात नसायचं. या खेपेला एक बशीसुद्धा आली नव्हती. विनिफ्रेडनं ते कालच पाहिलं होतं, आणि काल ती त्यावर अवाक्षर बोलली नव्हती. घरातल्या सगळ्यांना त्याचीच जास्त धास्ती वाटली होती.

त्यात ही पाळी साधी नव्हती. कुळांच्या सभेत भाषण केलं म्हणून सरकारनं गावच्या फादरांना तुरुंगात टाकलं होतं, आणि त्यांच्या जागी खुद्द बिशप आला होता. बिशप म्हणजे मॅलाकी, तिचा थोरला. अजून चाळिशीही न उलटलेला. त्याचं भाषण ऐकायला माणसं तीन-तीन परगणे ओलांडून चालत यायची. जमीनदार त्याच्या नावानं बोटं मोडायचे. रोमहून त्याला सारखे जाब विचारले जायचे, की बाबा रे, तू धर्म बघतोस की शेतसारा? असा हा बिशप आतल्या खोलीत, पोटात पाण्याचा थेंब नसताना, येरझारा घालत होता, आणि त्याचा तरुण चिटणीस फादर क्विल चुन्याच्या वासानं सारखा शिंकत होता.

"आई," मॅलाकीनं दारातून डोकं काढलं, "आलंय का कुणी?"

"आले ना. हे बघ, बसायला जागा नाही. तुझ्या मांडीवर बसवू का दोघांना?"

मॅलाकीनं डोकं आत घेतलं. मोठमोठ्या लॉर्डांना सभेत उभं-आडवं घेणारा माणूस, पण आईपुढे त्याला अजून कधी नीट वाक्य सुचलं नव्हतं.

तेवढ्यात डेलिया खिडकीतून ओरडली, "आले! आई, आले! सगळे आलेत!"

विनिफ्रेडनं शालीची टोकं सारखी केली, केस चापले, चेहऱ्यावर यजमानणीला शोभेल असं काहीतरी आणलं आणि दार सताड उघडलं. तिच्यामागे डेलियाचा आवाज अगदी बारीक झाला होता.

"पण आई... ते फाटकाबाहेरच बसलेत."

खरंच बसले होते. फाटकापलीकडच्या गाडीवाटेत, रात्रीच्या पावसाच्या चिखलात, अख्खी गोर्तनाकी गुडघे टेकून बसली होती. बायकांच्या अंगावर रविवारच्या शाली, पुरुषांच्या टोप्या हातात, म्हाताऱ्यांच्या बोटांत जपमाळा. वाटेच्या वळणावर सरकारचे दोन शिपाई भिंतीला टेकून हे सगळं बघत उभे होते, आणि त्यांना फुकटात तमाशा मिळाला होता हे त्यांच्या उभं राहण्यावरूनच कळत होतं.

विनिफ्रेड फाटकापर्यंत गेली. पुढेच म्हातारा बार्टली फाही होता. हा गवंडी, याच घराचं धुराडं बांधणारा, तिच्या नवऱ्याच्या शवपेटीला खांदा देणारा. त्याची बायको तर मॅलाकीच्या जन्माच्या वेळी विनिफ्रेडच्या उशाशी बसलेली. वाडीतली सगळी बाळंतपणं अजून तीच करायची.

"काय रे बार्टली, गुडघे धरलेत का? आतपर्यंत चालवत नाही?"

"गुडघे ठणठणीत आहेत, विनी. तुझी कृपा."

"मग चिखलात काय हरवलंय तुझं?"

"मिस्सेला आलोय."

"मिस्सा आत आहे."

"आम्ही मिस्सेला आलोय," बार्टली शांतपणे म्हणाला. "तुझ्या घरी नाही आलो."

मागे कुणीतरी हसू दाबलं. विनिफ्रेडनं तिकडे नुसतं बघितलं आणि ते हसू घशातच मेलं.

"ही अक्कल तुला कुणी दिली?"

"तुझ्या मुलानं. बाजारच्या चौकात गाडीवर उभं राहून दिली. ज्या जमिनीवरून एका कुळाला हुसकलं ती दुसऱ्यानं घ्यायची नाही. घेतली तर त्याच्या दारी जायचं नाही, त्याच्या पंगतीला बसायचं नाही, त्याच्या चुलीतला विस्तवसुद्धा मागायचा नाही. आम्ही मागत नाही. आता मिस्सा चुकवली तर पाप लागतं, आणि तुझा उंबरा ओलांडला तर बिशपसाहेबांचा शब्द मोडतो. म्हणून ही मधली जागा धरली. खिडकी तेवढी उघडी ठेव, म्हणजे ऐकू येईल."

"आणि वर पंखा घालू का तुम्हाला?"

"नको. वारा आहे."

तिला आणखी पुष्कळ बोलायचं होतं. पण फाटकाच्या खांबाशी, सगळ्यांच्या पुढे, ओनी लॅली बसली होती. पार्कबानच्या शेतावरून जिला गेल्या हिवाळ्यात काढलं ती ओनी. नवऱ्यानं कब्जा घ्यायला आलेल्या बेलिफांच्या अंगावर उकळतं पाणी ओतलं म्हणून तो तुरुंगात, आणि ही पोरांना घेऊन रस्त्याच्या कडेला, कुळांच्या संघटनेनं ठोकून दिलेल्या फळ्यांच्या खोपटात. ओनी जपमाळेचा एक-एक मणी पुढे सरकवत होती आणि विनिफ्रेडच्या तोंडाकडे बघत होती. तेही वाईट नजरेनं नव्हे. दुकानात आपली पाळी यायची वाट बघत उभं राहावं तसं.

विनिफ्रेडनं फाटक लावलं नाही. पण घरात आल्यावर दार मात्र दणकन लावलं.

"जा, त्यांना आत बोलाव," ती मॅलाकीला म्हणाली. "तू बिशप आहेस ना? हुकूम कर."

"काय हुकूम करू? मीच त्यांना सांगितलं की जाऊ नका."

"मग मीच सांगतो की या, असं सांग. तुझंच तोंड आहे, उलटं फिरवायला काय लागतं?"

"आई, पण कारण काय? लॅलींच्या शेतावर फेलिमचे गोऱ्हे होते तोवर ठीक होतं त्यांचं. पण ते तर त्यानं कधीच काढले ना? फेलिम, काढलेस ना?"

फेलिम चुलीपाशी बसून बुटाची वादी सोडत होता, पुन्हा बांधत होता. "काढले की."

"कुठं नेलेस?"

"पलीकडच्या अंगाला."

"कशाच्या पलीकडच्या?"

"टेकाडाच्या."

मॅलाकी त्याच्यापुढे येऊन उभा राहिला. "टेकाडाच्या पलीकडेही पार्कबानच आहे, फेलिम."

"हो, पण रस्त्यावरून दिसत नाहीत."

फादर क्विल शिंकला. त्या शिंकेनं मॅलाकीचा उरलासुरला धीर सुटला.

"दिसत नाहीत! मी गावोगाव सभेत सांगत फिरतोय, की माझ्या सख्ख्या भावानं चूक केली आणि सुधारली, तुम्हीही सुधारा! लोक टाळ्या वाजवतात! आणि तू गोऱ्हे वळवून टेकाडाआड उभे केलेस? गावातल्या प्रत्येकाला ठाऊक असणार. नाही कुणाला, तर मला एकट्याला!"

"तुला कुणी सांगितलं होतं सभेत घरचं काढायला?" विनिफ्रेड म्हणाली.

"लोक विचारतात, आई."

"लोकांना काय, लोक तुझ्या बुटाचं माप विचारतील!"

"वर्षाचासुद्धा करार नाही तो," फेलिम पुटपुटला. "अकरा महिन्यांची नुसती चराई. जमीन घेतली असं होतच नाही त्यात. कारभाऱ्यानंच सांगितलं मला."

"जमीनदाराच्या कारभाऱ्यानं तुला कायदा शिकवला! आणि तू कुणाच्या सांगण्यावरून गेलास त्याच्याकडे?"

फेलिमनं नुसतं आईकडे बघितलं. पस्तिशी उलटलेला पुरुष, पण खिडकी फोडलेल्या पोरानं बघावं तसं.

"माझ्या," विनिफ्रेड म्हणाली. "त्याला कशाला पिळतोस? त्याच्यात एवढी हिंमत असती तर मला काय हवं होतं? मी सांगितलं त्याला, गोऱ्हे पार्कबानमध्ये घाल. पुन्हा सांगेन. ते शेत माझ्या बापाचं आहे."

"आई—"

"तू बोललास चौकात गाडीवर, आता मी बोलते माझ्या स्वयंपाकघरात. बटाटे कुजले त्या साली आम्हाला पार्कबानमधून काढलं. छपराला दोर बांधून ओढलं, मी बघितलंय. बाप पुढच्या आठवड्यात गेला, आई तापानं रस्त्याच्या कडेला पडली, आणि तापाच्या भीतीनं तिच्याभोवती एवढं रिंगण सोडून माणसं जात होती. आणि त्या शेतात मग कोण आलं? कारभाऱ्याच्या हातापाया पडून कोण आलं? या ओनीचा सासरा. म्हातारा लॅली. तेव्हा त्याला कुणी बळकावणारा म्हटलं नाही. त्याच्या घरी पाळी झाली तेव्हा कुणी चिखलात बसलं नाही. सगळ्यांनी आत जाऊन त्याचं लोणी चापलं! मीसुद्धा चापलं, पोटात आग होती म्हणून. तेव्हा कुठं होतास तू?"

"जन्मलो नव्हतो, आई."

"तुझं चर्च जन्मलं होतं ना? तेव्हाचा बिशप काय करत होता?"

"जमीनदाराकडे जेवायला जात होता," मॅलाकी म्हणाला. "म्हणूनच मी जात नाही."

विनिफ्रेडनं चिमटा चुलीवर आपटला.

"मग माझं शेत मला कधी मिळणार? सगळ्या देशाचा न्याय करून झाला की मग? साठी उलटली माझी. तोवर काय खोकत बसू?"

मॅलाकीनं खिडकीबाहेर बघितलं. सूर्य बराच वर आला होता. मिस्सा दुपारच्या आत व्हायला हवी होती, बाहेर म्हातारी माणसं उपाशी होती, आणि वळणावरचे शिपाई आज संध्याकाळी वर काय कळवणार हेही त्याला लख्ख दिसत असावं. मिस्सा आत म्हटली तर लिहितील, बिशप बोलतो एक, करतो एक. बाहेर गेला तर लिहितील, बिशपनं स्वतःच्या आईच्या घरावर बहिष्कार घातला. दोन्ही कागद रोमला सारख्याच वेगानं पोचतात.

"तू म्हणतेस ते खरं आहे," तो म्हणाला. "तेव्हा कुणीतरी बोलायला हवं होतं. कुणी बोललं नाही. पण म्हणून आता मी गप्प बसू?" मग त्यानं बाह्या मागे सारल्या. "क्विल, टेबलाचं ते टोक धरा."

"माझं टेबल?"

"अंगणात नेतोय, आई."

टेबल दारातून निघेना. आडवं केलं, उभं केलं, नव्या रंगाला दोन ओरखडे गेले. विनिफ्रेडनं प्रत्येक ओरखड्याला एकेकदा 'हाय' केलं. शेवटी बिशप आणि फादर क्विल टेबल घेऊन फाटकापर्यंत पोचले तर बार्टली उठून उभा राहिला. टोपी छातीशी, आवाज अदबीचा.

"बिशपसाहेब, माफ करा. हे टेबल नको."

"नको म्हणजे?"

"या घरचं आहे. तुम्हीच म्हणालात, विस्तवसुद्धा नको. टेबल तर विस्तवापेक्षा मोठं."

मॅलाकीनं टेबल खाली ठेवलं. त्यानं बार्टलीकडे बघितलं. आपलंच भाषण कुणीतरी इतकं मन लावून ऐकलं याचा माणसाला आनंद व्हायला हवा. त्याच्या चेहऱ्यावर तो कुठं दिसला नाही.

"मग कशावर म्हणू? तुमच्या टकलावर?"

"भिंत आहे की," बार्टली म्हणाला. "मीच बांधलीये. सपाट आहे."

वाटेच्या पलीकडची ती दगडी भिंत कंबरेएवढी होती. फादर क्विलनं पेटीतून अभिषेक केलेली छोटी शिळा काढली. ती ठेवली की कुठलाही दगड वेदी होतो. मॅलाकी भिंतीकडे तोंड करून उभा राहिला. म्हणजे घराकडे पाठ करून.

विनिफ्रेड हे सगळं दारातून बघत होती. तिच्या शेजारून डेलिया मेणबत्त्या घेऊन बाहेर निघाली.

"तू कुठं?"

"मिस्सेला."

"अशा पोटानं, चिखलात? आणि घरात कोण थांबणार?"

"तुम्ही," डेलिया म्हणाली. "आणि गोऱ्हे."

लग्नाला तीन वर्षं झाली होती. तीन वर्षांत ही पोर कधी उलटून बोलली नव्हती. विनिफ्रेड इतकी चकित झाली की तिला रागवायचंही राहून गेलं.

फेलिम उंबऱ्यावर उभा होता, एक पाय आत, एक बाहेर. "आई, मीपण जाऊ?"

"जा की. तुला कुणी बांधलंय?"

"पण कारभारी म्हणाला होता, त्यांच्यात मिसळलास किंवा गोऱ्हे काढलेस तर पुढच्या खेपेला तुमचाच खंड बघतो म्हणून."

"मग थांब."

"पण मग मिस्सा?"

"देवा," विनिफ्रेड म्हणाली, "मला याच्याऐवजी एखादी चांगली म्हैस द्यायची होतीस."

बाहेर लॅटिन सुरू झालं. मॅलाकीचा आवाज लहानपणापासून तसाच, खणखणीत, लांबवर जाणारा. तो पाळण्यात रडायचा तेव्हा बार्टलीच्या घरी ऐकू जायचं. विनिफ्रेडला दारात उभं राहून मिस्सा नीट ऐकू येत होती. पण तिचं लक्ष दुसरीकडेच होतं.

डेलिया बायकांत जाऊन गुडघ्यांवर बसली होती. आणि बायका सरकल्या होत्या. कुणी नाक मुरडलं नाही; नुसत्या शाली सावरल्या आणि थोड्या-थोड्या सरकल्या. बार्टलीची बायकोही सरकली. डेलियाभोवती चिखलाचं एक मोकळं रिंगण झालं, आणि त्याच्या मधोमध ती एकटी, मान खाली, एक हात पोटावर.

विनिफ्रेडनं ते रिंगण बघितलं. तिनं ते याआधीही एकदा बघितलं होतं.

"मसणात गेलं ते शेत," ती म्हणाली.

"काय?" फेलिम म्हणाला.

"काठी दे."

"कशाला?"

"तुझ्या पाठीत घालायला! दे म्हणते ना!"

मागच्या दारानं ती निघाली. गोठ्यामागून वर जाणारी वाट अजून तिच्या पायांना पाठ होती, फक्त पायांना आता धाप लागत होती. ती सबंध वाट ती बोलत होती. मॅलाकीला, मेलेल्या नवऱ्याला, कारभाऱ्याला, म्हाताऱ्या लॅलीच्या भुताला, एकेकाला नाव घेऊन. टेकाडाच्या पलीकडे गोऱ्हे गुडघाभर गवतात उभे होते, तकतकीत, निवांत, कुणाच्या राजकारणाशी काही देणंघेणं नसलेले. उताराच्या कोपऱ्यात एका जुन्या घराची भिंत उभी होती, चुलीच्या काजळीचा डाग अजून तिच्यावर होता. विनिफ्रेडनं तिकडे बघितलं नाही. बघितलं असतं तर गोऱ्हे हलवायला तिचा हात उठला नसता.

"चला," ती गोऱ्ह्यांना म्हणाली. "चला रे, भडव्यांनो. तुमच्यापायी माझ्या घरात कुत्रं येत नाही."

तिला ते मागच्या वाटेनं, गुपचूप, आपल्या कुरणात नेता आले असते. तिनं नेले नाहीत. पार्कबानच्या फाटकाचा अडणा काढला, आणि गोऱ्हे सरळ गाडीवाटेत घातले.

वळणावर शिपायांनी भिंतीवर उडी मारली. मिस्सा बरोबर मधोमध पोचली होती. मॅलाकीनं पवित्र भाकर दोन्ही हातांनी वर उचलली, फादर क्विलनं घंटी वाजवली, सगळ्यांच्या माना खाली गेल्या, आणि त्याच क्षणी वळणावरून गोऱ्ह्यांचा लोंढा गर्दीत शिरला.

घंटी ऐकल्याबरोबर विनिफ्रेड होती तिथंच, शेणात, गुडघ्यांवर आली. काय वाटेल ते होवो, घंटी वाजल्यावर ती उभी राहिली असती तर आईनं कबरीतून उठून तिच्या थोबाडीत मारली असती. पण गोऱ्ह्यांना कुणी तसं शिकवलं नव्हतं. बायका किंचाळल्या, तरी गुडघ्यांवरच. पुरुष मान वर न करता कोपरांनी जनावरं लोटत होते. एक ढवळा गोऱ्हा थेट भिंतीशी गेला आणि बिशपच्या सोनेरी झग्याचा काठ हुंगू लागला. मग चाटू लागला. मॅलाकी हलला नाही. हात वर, डोळे वर, आणि झगा मागून हळूहळू ओढला जातोय.

उठली ती ओनी लॅली. तिनं ढवळ्याच्या नाकपुड्यांत दोन बोटं घातली, मान मुरगळून त्याला मागे घेतला आणि तसाच धरून पुन्हा गुडघ्यांवर बसली. तिनं त्याला मिस्सा संपेपर्यंत सोडला नाही.

शेवटचा आशीर्वाद झाला आणि विनिफ्रेड उठली. घागरा शेणानं माखलेला, केस सुटलेले, हातात काठी.

"बघितलंत ना?" ती सगळ्यांना म्हणाली. "पार्कबान रिकामं आहे. शिपाईदादा, तुम्हीही बघितलंत ना? मग सांगा तुमच्या कारभाऱ्याला, गवत त्यानं स्वतः खावं." मग ती ओनीकडे वळली. "ते शेत माझ्या बापाचं. हे मी मरेपर्यंत म्हणणार."

"मला ठाऊक आहे, काकू," ओनी म्हणाली. "माझ्या लग्नाच्या दिवशीच सांगितलं होतं मला एका बाईनं. चर्चच्या दारात. नवऱ्याचा हात सोडला नव्हता अजून."

"कोण ती टवळी?"

"तुम्ही."

"बरोबर आहे. मीच होते." विनिफ्रेडनं नाक ओढलं. "मग माझं म्हणणं तुला ठाऊक आहे, पुन्हा सांगत नाही. पण माझ्या सुनेला वेगळं काढून कुणी बसायचं नाही. ती पोर काही माझ्या सांगण्यानं जन्माला आली नाही. बार्टलीबाई, ऐकलंस? तुला म्हणतेय मी."

बार्टलीच्या बायकोनं ऐकलं. डेलियाला धरून उठवायला तिघीजणी एकदम पुढे झाल्या आणि एकमेकींच्या पायांवर पडता-पडता वाचल्या.

"आई, कारभारी आता आपल्यालाही काढेल," फेलिम म्हणाला.

"काढू दे. तुझ्या भावाला उघड्यावर मिस्सा म्हणायची सवय झालीच आहे."

मॅलाकी झग्याचा ओला काठ पिळत होता. तो हसतोय की काय असं तिला वाटलं, पण तोंड वळवलेलं होतं, आणि तिला हसू बघायचंही नव्हतं. तिला संताप टिकवून ठेवायचा होता. तेवढ्या एकाच गोष्टीवर ती अजून उभी होती.

"चहा उकळून-उकळून काढा झालाय," ती म्हणाली. "यायचं असेल तर या. नसेल यायचं तर घरी जाऊन मरा उपाशी."

कुणी हललं नाही. सगळ्यांनी बार्टलीकडे बघितलं. बार्टलीनं ओनीकडे बघितलं. त्याचा हक्क नव्हता, कुणाचाच नव्हता. घालवलेलं शेत तिचं होतं, तेव्हा हा उंबरा उघडायचा की नाही हे तिनंच ठरवायचं होतं. ओनीनं ढवळ्याला सोडलं, बोटं घागऱ्याला पुसली, आणि चिखलातून, गोऱ्ह्यांतून वाट काढत फाटकातून आत शिरली.

मग सगळे शिरले. स्वयंपाकघर असं भरलं की दार लागेना. बाहेर गोऱ्हे विनिफ्रेडच्या कोबीत शिरले होते आणि फेलिम त्यांच्यामागे धावत होता, कुणी मदतीला गेलं नाही. त्याच्यावर थोडा राग बाकी ठेवायला कुणाची हरकत नव्हती.

विनिफ्रेड तबक घेऊन आतल्या खोलीच्या दाराशी आली आणि थांबली.

पाळीच्या दिवशी आतल्या खोलीत फादर जेवायचे, आणि त्यांच्यासोबत वाडीतले चार जाणते पुरुष. बाई त्या खोलीत वाढायला जायची आणि वाढून बाहेर यायची. विनिफ्रेड या घरात सून म्हणून आली, मालकीण झाली, बिशपची आई झाली, पण पाळीच्या दिवशी त्या टेबलाशी कधी टेकली नव्हती. आणि आता बिशपच्या उजव्या हाताला, चिखलानं भरलेला घागरा पसरून, ओनी लॅली बसली होती.

फादर क्विलनं काहीतरी बोलायला तोंड उघडलं होतं. बार्टली छताकडे बघत होता. मॅलाकीनं स्वतःच्या पुढ्यातली बशी उचलली आणि ओनीपुढे सरकवली. मग तो आईकडे बघू लागला.

ओनीही तिच्याकडेच बघत होती. पुन्हा तीच नजर. पाळी यायची वाट बघत उभं राहावं तशी.

विनिफ्रेडनं तबक टेबलावर आपटलं. बशीतली मऊ उकडलेली अंडी एकमेकांवर आदळली.

"अंडं घेणार?"

"घेईन, काकू."

"ही मऊ आहेत. चालतील?"

ओनीनं अंड्यांकडे बघितलं. घाई केली नाही.

"मला कडक लागतं," ती म्हणाली.

विनिफ्रेडनं डोळे मिटले, देवाला मनातल्या मनात जे काय सुनवायचं ते सुनवलं, आणि पाणी पुन्हा चुलीवर ठेवायला गेली.